मानाचा ओठ

मिरज, २० डिसेंबर

ती. आजोबांस शि. सा. न. वि. वि.

मनात तुमची ओवी म्हणत परीक्षकांना चेहऱ्याच्या धमनीचा रस्ता सांगितला, आणि शरीररचनेच्या तोंडी परीक्षेत दोन गुणांनी नापास झाले. ओवी आठवते ना?

जबड्याच्या उंबऱ्याशी, धमनी ठोका देई
वरचा ओठ शिंपून, खालच्या ओठी जाई
नाकाशी जरा थांबून, कुशल त्याचे पुसे
डोळ्याच्या कोपऱ्यापाशी, दमून खाली बसे

ही धमनी गळ्याकडून वर चढते. तिला आधी खालचा ओठ लागतो, मग वरचा. परीक्षकांनी विचारलं, वाटेतला ओठ उपाशी का ठेवला? याचं उत्तर तुमच्याकडे आहे?

२९ जानेवारीला पुरवणी परीक्षा. तीही गेली तर वर्ष गेलं, आणि माझ्या खोलीतली इंद्रायणी पुढच्या वर्गात. मोबाइल तिच्याकडे कुलपात दिलाय, म्हणून हे पत्र. आईबाबांना तुम्हीच हळू सांगा.

रागावले आहे, तरी नमस्कार नेहमीइतकाच.
क्षितिजा

*

चंडीगड, २ जानेवारी

चि. क्षितिजास अनेक आशीर्वाद.

उत्तर आहे, पण परीक्षकांना पटणारं नाही. वरचा ओठ मिशीचा, म्हणजे घरातला वडीलधारा. मी चाळीस वर्षं लग्नाच्या पंगतींत वाढलं आहे. हात आपोआप मानाच्या पानाकडे गेला. तुझं पुस्तक उघडून बघायला हवं होतं. चूक माझी.

पण ओवीवर राग धरू नकोस. कऱ्हाडला चौथीत मास्तरांनी आम्हाला कृष्णेला मिळणाऱ्या नद्या चालीवर शिकवल्या. कोयना, वारणा, पंचगंगा. इथे खिडकीबाहेर धुक्याने समोरचं घर पुसून टाकलंय, शेजारी पंजाबी गाणी लागली आहेत, आणि मला मात्र बाकावरची शाईची दौत दिसते. चालीवर आलेलं जात नाही बघ.

कागदावरचे तपकिरी डाग चहाचे नाहीत. हीटरपाशी बसून नाक कोरडं पडतं आणि फुटतं. आठवड्यात तीनदा झालं. शेजारचे अशोकजी डेराबस्सीला औषधांच्या कारखान्यात खोकी मोजतात, म्हणून गल्ली त्यांना डॉक्टर मानते. ते म्हणाले, बाऊजी, डोकं मागे टाकून पडा, पक्का इलाज आहे. तसा पडतो. घशात जरा खारट लागतं, एवढंच.

तुझ्या आईला यातलं काही बोललो नाही. तुझ्या निकालाचंही नाही. म्हणजे फिट्टंफाट.

माया आहे तेवढी राहू दे, वर चिमूटभर घाल.
तुझा आजोबा

*

मिरज, ९ जानेवारी

ती. आजोबांस शि. सा. न. वि. वि.

अशोकजींना खोकी मोजू द्या. डोकं मागे टाकलं की रक्त घशात उतरतं; खारट लागतं ते तेच. बसा, पुढे वाका, नाकाचा मऊ भाग चिमटीत धरा आणि दहा मिनिटं सोडू नका. श्वास तोंडाने. रक्तदाब तपासून घ्या.

नाकाच्या आतल्या पडद्यावर, अगदी पुढे, बोटाच्या टोकाएवढ्या जागेत चार धमन्यांचा संगम आहे. नाक बहुतेक वेळा तिथेच फुटतं. त्यातली एक फांदी येते वरच्या ओठाकडून, म्हणजे तुमच्या मानकऱ्याकडून. लाड केल्याचा परिणाम.

आईला वेगळं पत्र टाकलंय, दोन्ही गोष्टींचं. फिट्टंफाट मोडलं. तुमचं नाक फुटत असताना मला एक पान वाचवत नाही.

काळजीसह नमस्कार.
क्षितिजा

*

चंडीगड, १७ जानेवारी

चि. क्षितिजास अनेक आशीर्वाद.

तुझ्या आईने पत्र वाचलं, आधी मला बोलली, मग तुला, मग आम्हा दोघांना मिळून. तुझा बाबा हृषीकेश म्हणाला की घरात हवाई दलापेक्षा जास्त गुपितं आहेत. रक्तदाब वाढलेला निघाला. गोळी चालू आहे.

परवा नाक पुन्हा फुटलं. चष्म्याशिवाय घड्याळ दिसेना, म्हणून दुरुस्त ओवी चाळीस वेळा म्हटली: खालचा ओठ शिंपून, वरच्या ओठी जाई. नाक चिमटीत, त्यामुळे आवाज असा लागला की अशोकजी दारातूनच परत गेले. पण रक्त थांबलं.

एक शंका. तू मागे दाखवलेल्या पुस्तकातल्या चित्रात ही धमनी इतकी नागमोडी का? सरळ गेली असती तर लवकर पोचली नसती का?

आता माझा विषय बंद. अभ्यास कर.
तुझा आजोबा

*

मिरज, २९ जानेवारी

ती. आजोबांस शि. सा. न. वि. वि.

तुमची शंका मी पत्र आलं त्याच दिवशी पुस्तकात शोधली होती. आज परीक्षकांनी नेमकं तेच विचारलं. मी म्हटलं, चेहरा एका जागी राहत नाही. माणूस चावतो, बोलतो, हसतो. धमनी सरळ असती तर ताणली गेली असती. वळणं हसण्यासाठी राखून ठेवलेली असतात. ते म्हणाले, शेवटचं वाक्य कुठल्या पुस्तकात आहे? मी म्हटलं, चंडीगडला आहे, हिवाळ्यात जरा गळतं.

तोंडी उत्तीर्ण. वर्ष वाचलं. इंद्रायणीने मोबाइल परत दिलाय, पण हे पत्रानेच सांगायचं होतं.

दात आवळून जबड्याच्या कडेवर, गालाच्या खाली बोट ठेवा. ठोका लागेल.

तुमची लाडकी (आता पुन्हा),
क्षितिजा

*

चंडीगड, ५ फेब्रुवारी

चि. क्षितिजास अनेक आशीर्वाद.

कवळी बसवली, आवळली, बोट ठेवलं. ठोका लागला. तुझं पत्र आठवून हसू आलं आणि जागा निसटली, पुन्हा शोधली. नाक तीन आठवडे गप्प आहे.

पहिलं पान खालच्या ओठाचं, हे मी मान्य केलं आहे. मिशीला अजून सांगितलेलं नाही.

तुझा आजोबा