पाच तारखांचा गैरहजर

धुळे,
मंगळवार, ३ फेब्रुवारी २०२६

चि. हितेंद्र यास,

अक्काचा आशीर्वाद. माझा गुडघा बरा आहे. कॉलेजातून निवृत्त झाले तरी लोक भाषणाला बोलावतात, म्हणजे आवाज शाबूत आहे. तिकडे रूपाली आणि मुलं खुशाल असतील.

तू आणि मी कोर्टाच्या शिपायाची मुलं. आपले आबा एकतीस वर्षं दारात उभे राहून पक्षकारांची नावं पुकारत राहिले, आणि इतक्या वर्षांत एकाही वकिलाने त्यांना तोताराम म्हणून हाक मारली नाही. "ए शिपाई, पाणी आण." ही सल तुझ्याही मनात आहे आणि माझ्याही. म्हणून हे पत्र पीएच्या हातात न देता स्वतः वाच.

मागच्या आठवड्यात जळगावला जाताना कुंदाबाईच्या गावी उतरले. कुंदाबाई आठवते का? शाळेकडे जाणारा गावाचा रस्ता कापसाच्या गोदामवाल्याने भिंत घालून बंद करायला घेतला, तेव्हा तू फी न घेता तिच्यासाठी उभा राहिलास. मनाई हुकूम मिळवलास आणि त्या एका हुकमावर तालुक्याचा पुढारी, मग आमदार झालास. तुझ्या प्रचाराच्या पत्रकावर त्याच रस्त्यावरच्या, दप्तरं पाठीला लावलेल्या तीन मुली होत्या. त्यातली मधली कुंदाबाईची नात, डिंपल. त्या गावच्या प्रचारसभेत मीही बोलले होते. ते राहू दे.

भर शाळेच्या वेळेला डिंपल घरात बसून शेंगा फोडत होती. भिंत डोक्याच्या वर गेली आहे. एक तुकडा अजून उघडा आहे, तिथे रखवालदार बसतो, कुणाला जाऊ देत नाही. शाळेत जायचं तर चौपदरी हायवेच्या कडेने, ट्रकांना चुकवत, दोन किलोमीटर. बापाने तिला सातवीतून घरी बसवलं.

हुकूम असताना भिंत कशी, हे कुणालाच सांगता येईना. मी तशीच पुढे जळगावला तुझ्या ऑफिसात गेले. बावीस वर्षं तुझ्या तारखा सांभाळणाऱ्या हिलालने मला पाहून चष्मा काढला आणि पुसत बसला.

"अक्का, दावा निकाली निघाला. अकरा डिसेंबरला. वादी गैरहजर, वकील गैरहजर. त्याच्याबरोबर हुकूमही गेला."

"साहेब कुठे होते?"

"नागपूरला, अधिवेशनात."

"आणि त्याआधीच्या चार तारखांना?"

"एकदा हायमास्ट दिव्याचं उद्घाटन. एकदा कुणाचं तरी जावळ. बाकी विचारू नका. मी डायरी पुढे केली की पीए म्हणायचा, हिलालभाऊ, साहेब आता वकील राहिले का?"

पीए हुशार आहे. आमदारकीच्या चौदा महिन्यांत त्याला जे कळलं ते मतदारांना अजून कळायचं आहे.

अधिवेशनात तू काय दिवे लावलेस तेही मी शोधलं. एकच प्रश्न विचारलास, सरकारी विश्रामगृहातल्या एसीबद्दल. त्या अकरा तारखेला आबांच्या जागेवरच्या कुणीतरी तुझं नाव तीनदा पुकारलं असेल, आणि तू कुठल्या तरी गार खोलीत कुठल्या तरी मंत्र्याच्या विनोदावर हसत असशील. ज्या गोदामवाल्याला उलटतपासात तू घाम फोडलास, त्याच्याच हातून वाढदिवसाला फेटा बांधून घेतलास. फ्लेक्सवर फोटो आहे. त्यात तू वाकलेला आहेस, तो ताठ उभा आहे.

मला तुझी किळस येते. आईच्या पोटचा आहेस म्हणून हे लिहून सांगते, इतरांना सभेत सांगितलं असतं.

पण त्या गावच्या सभेचं मघाशी राहू दे म्हटलं, ते राहूच शकत नाही.

परतताना मी पुन्हा गावात उतरले आणि कुंदाबाईवर चिडले. तुम्ही बारा वादी, एकालाही तारखेला जावंसं वाटलं नाही?  ती म्हणाली, "तूच सांगं व्हतं ना अक्का, इस्टेजवर. आते कोर्टनी पायरी चढानी नही, मत हाईच वकीलपत्र. आम्ही नही चढनूत. आमनं काय चुकनं, ते तरी सांग."

आता कोर्टाची पायरी चढायची नाही, मत हेच वकीलपत्र, हे वाक्य माझं होतं. तू लिहून दिलेलं नव्हतं. गाडीतून येताना सुचलं आणि मी खूश झाले होते. टाळ्या थांबेनात, म्हणून मी ते दुसऱ्यांदा म्हटलं. जन्मभर लोकांना सांगत आले की कुणाच्या भरवशावर राहू नका, आणि माझा भाऊ उभा राहिला तेव्हा भरवसा ठेवायला सांगितलं. त्यांनी पेढे वाटले आणि निर्धास्त झाले. मी कुंदाबाईसमोरून उठले. पाणीही न पिता निघून आले.

विधी, तुझी ज्युनियर, म्हणते की दावा पुन्हा चालू करून घेता येईल, उशीरही माफ होईल. पण चूक कुणाची, हे शपथेवर लिहून देणारा माणूस हवा. तुझ्या पीएने तिला आधीच सुचवलंय, "पक्षकारांनी संपर्क ठेवला नाही असं टाका, म्हणजे साहेबांवर काही येत नाही." पोरगी माझ्याकडे बघून म्हणाली, "अक्का, सर असं लिहायला लावतील का हो?" मला नाही म्हणता आलं नाही.

माझं प्रतिज्ञापत्र मी काल केलं. भाषणातलं ते वाक्य शब्दशः त्यात घातलं आहे. पेपरात येईल. येऊ दे. तुझी बातमीही येईल, तिकीटही जाईल कदाचित. भिंतीचा तो उघडा तुकडा गोदामवाला या महिन्यात बुजवणार, तेव्हा तुझ्या तिकिटाचा विचार करायला मला वेळ नाही.

सोमवारी, ९ तारखेला, सकाळी अकरा वाजता जळगावच्या कोर्टात ये. माणसं आणि पाटीची गाडी घरी ठेव. "तारखा मी पक्षकारांना कळवल्या नाहीत, चूक माझी आहे," एवढं विधीने टाइप करून ठेवलं आहे. त्याखाली सही कर.

कुंदाबाईच्या बाजूने,
अक्का