छपरावरून फेकलेला पेला

योर्न,

गारठलेल्या तुळया खांद्यावर वाहिल्या मी, वासे ठोकले मी. आणि छप्पर चढल्याच्या समारंभात बाबांची सुताराची काळी टोपी घालून आशीर्वाद म्हणायला वर उभा राहिलास तू! मुकादम म्हणे, "धाकट्याचा आवाज खणखणीत आहे."

घराला आशीर्वाद देऊन तू काचेचा पेला रिकामा केलास नि रिवाजाप्रमाणे खाली फेकलास. तो फुटला नाही तर घराला अपशकुन. तुझा पडला माझ्या पायाशी, लाकडाच्या भुशात, अख्खाच्या अख्खा. कुणाला दिसायच्या आत मी त्यावर टाच हाणली. काच कडकन फुटली, टाळ्या पडल्या, आणि तू ऐटीत टोपी काढून वाकलास.

घरासाठी केलं मी ते. तुझ्यासाठी नाही.

आई अजून तुझंच कौतुक सांगतेय. मी बुटातली काच उपसतोय. हे पत्र काही मी टाकणार नाही.

तुझा थोरला,
हाइनर