आपल्या खोलीचं दार

प्रिय आई,

मी परत आलेय. जुन्या खोलीत, मावशीकडे. आधी बंगल्यावर गेले होते. फाटकावरच्या रखवालदाराला म्हटलं, मी बाईंची मुलगी. म्हणाला, अशा रोज दोन-तीन येतात, बाजूला उभी राहा. राहिले. मग कंटाळून निघाले. तूच म्हणतेस ना, पायाला भिंगरी आहे माझ्या.

मावशीला फार खोकला झालाय. खोलीत सारखा गार वारा येतो. का ते सांगतेच.

इथे दार उघडलं की समोर सगळ्यांचा नळ. बायका भांडायला लागल्या की तू हातातल्या झाडूसकट उंबऱ्यावर बसायचीस. आधी बादली कुणाची ते बोला, रडारड नंतर! तिथूनच लोक तुला बाई म्हणायला लागले. मग आपण तिसऱ्या मजल्यावर गेलो आणि गुडघे दुखणारे यायचे थांबले. तुला वाटलं, त्यांची कामं झाली असतील. बंगल्यात तर बाहेरचं भांडण ऐकूच येत नाही. आपण इथून सोबत नेलेली ती एका कानाची मांजर आहे का गं अजून?

हां, खोकला. तुझ्या आयुष्यावरच्या प्रदर्शनासाठी पक्षाची पोरं आपलं दार चौकटीसकट काढून घेऊन गेली. मावशीने कौतुकाने त्यांना चहा पाजला. नवीन दार उद्याच बसवतो म्हणाली. त्याला महिना झाला. तिथे प्लास्टिकचा कागद फडफडतोय. मी फळ्या ठोकून पाहिल्या, पण भिंत इतकी भुसभुशीत की खिळाच धरत नाही. पक्षाच्या कचेरीत म्हणाले, वरून आदेश हवा. वरून म्हणजे तूच ना?

प्रदर्शनही पाहिलं. माझ्या उंचीच्या रेघांसकट दार दोरीच्या आत उभं आहे. खाली पाटी, हे दार सदैव सर्वांसाठी उघडं होतं. खोटं आहे गं. झोपण्याआधी तू कडी दोनदा ओढून बघायचीस, तेव्हा कुठे आम्हाला झोप लागायची.

मावशी म्हणते, ताईला त्रास नको देऊस, तिच्यामागे कमी का व्याप आहेत? म्हणून तिच्या नकळत लिहितेय. चिठ्ठी तुमच्या माळ्याच्या हातात देईन, पुढचं त्याच्यावर. मला निघायचंय, पण निघता येत नाही. रोज त्या भगदाडात आडवी झोपते, तेवढाच मावशीला वारा कमी लागतो. दार परत पाठव, नाहीतर दुसरं कसलंही पाठव. आई, मी दार म्हणून फार दिवस पुरणार नाही.

तुझीच,
भिंगरी