‘जिल्हा माझा लाडाचा’ : डीजे मिक्स

८ एप्रिल २०१६, पाडवा. सकाळी.
आज देवणीच्या इतिहासात नोंद झाली. माझं पहिलं सिंगल ‘जिल्हा माझा लाडाचा’ (डीजे मिक्स) युट्यूबवर टाकलं. या गावाचे बैल आजवर लांब लांब गाजले, आता माणूस गाजेल.
शब्द, चाल, आवाज माझे. व्हिडिओ ‘मन्मथ डिजिटल फोटो स्टुडिओ’चा, म्हणजे माझाच. विषय एकदम टायमिंगचा. एक मेला उदगीर जिल्हा जाहीर होणार असं हॉटेलात जो तो सांगतो. त्या दिवशी नव्या जिल्ह्याला नाचायला गाणं लागेल आणि ते दुसऱ्या कुणाकडे नाही. कडव्यांत कलेक्टर ऑफिस, एसपी ऑफिस, झेडपी, आरटीओ सगळे घेतलेत. कुठलंच खातं नाराज व्हायला नको.
खरं तर जिल्हा निमित्त आहे. बिलोलीला एका हळदीत सिंधूला नाचताना पाहिलं आणि त्याच दिवशी घरी सांगितलं की लग्न करीन तर हिच्याशी. लग्नानंतर ती एकदाही नाचली नाही. हे गाणं ऐकून नाचेल, खात्री आहे.
ऐकवलं. उभ्यानं ऐकलं तिनं. मग विचारलं, आरटीओ कशाला घातलं हो त्याच्यात?

११ एप्रिल.
व्ह्यूज सावकाश वाढताहेत. जे सावकाश वाढतं तेच टिकतं.
संकल्प : व्ह्यूज दिवसातून एकदाच बघायचे. दुपारी परत बघितले, पण ते नेट चालू आहे का ते तपासायला.
नळाला पाणी येऊन किती महिने झाले ते आता कुणी बोलतही नाही. आठवड्यातून एकदा टँकर. आज तो आला आणि गेला, निम्म्या गल्लीला कळलंच नाही. शेजारच्या कोंडाबाईंनी माझ्याशी भांडण काढलं. म्हणे, तुमच्या दुकानात सारखं धाडधाड वाजायलंय, हारन ऐकू येतंय का मानसाला?

१३ एप्रिल.
व्यंकटनं गाणं काढलं.
व्यंकट म्हणजे सिंधूचा धाकटा भाऊ. बिलोलीत गाड्या धुण्याचं सेंटर आहे. पाणी नाही म्हणून सेंटर बंद, म्हणून रिकामा, म्हणून गाणं. मोबाईलवर रेकॉर्ड केलंय! नाव ‘नाचू का भरू’. सगळं मिळून दोन ओळी : ‘टँकर आला दारी गं, नाचू का भरू? घागर माझी रिकामी गं, नाचू का भरू?’ पुन्हा तेच. अभ्यास शून्य. आवाज नाकातून.
मेसेज टाकलाय की दाजी, तुमचं बघूनच शिकलो, आशीर्वाद असू द्या. मी अंगठा पाठवला. मन मोठं ठेवावं लागतं. सिंधूनं ते गाणं सकाळपासून किती वेळा लावलं ते मी मोजलं नाही. मला हेवा वगैरे वाटत नाही, तो माझा स्वभावच नाही.

१६ एप्रिल.
टँकरचा ड्रायव्हर शरणप्पा यानं केबिनवर स्पीकर बसवला. हॉर्न ऐकून बाया धावत यायच्या आणि समोर उसाचा ट्रक निघायचा, म्हणून आता टँकर आला की गाणं. कोणतं? व्यंकटचं.
गल्ली क्षणात बाहेर. पाण्याची टिपाडं, घागरी, नळ्या, पोरं. आणि सिंधू! घागर कंबरेवर घेतली आणि दोन पावलं नाचली. मी खिडकीतून स्पष्ट बघितलं. माझ्या गाण्याला उभी राहिली होती, याच्या गाण्याला नाचली.
मला काहीच वाटलं नाही. फक्त जेवण गेलं नाही.

२० एप्रिल. मुरुड (लातूरजवळचं).
लग्नाच्या शूटिंगला आलो होतो. डीजेवाल्याच्या हातात पेनड्राइव्ह दिला. त्यानं वरातीत माझं गाणं लावलं. कलेक्टर ऑफिसच्या ओळीला नाचणारे थांबले. एसपी ऑफिसला नवरदेवाचे मामा टोपी काढून उभे राहिले. एका पाहुण्यानं विचारलं की साहेब, अर्ज कुठं द्यायचा? याला परिणाम म्हणतात. गाणं लोकांना विचार करायला लावतं.
मग त्या डीजेवाल्यानं ‘नाचू का भरू’ लावलं. नवरी घोड्यापुढं येऊन नाचली. चार-पाच बाया वरात सोडून गल्लीकडं पळाल्या, टँकर आला समजून, आणि हसत परत येऊन नाचायला लागल्या. इकडेही टँकरवर तेच गाणं लागतं म्हणे. मी शूटिंग केलं. त्या भागात कॅमेरा थोडा हलला आहे.

२३ एप्रिल.
विचार करून करून कारण सापडलं. गाण्यात काहीच नाही, सगळी जादू टँकरची आहे. पाण्याबरोबर शेळी ओरडली असती तरी हिट झाली असती. म्हणजे फक्त टँकरवरचं गाणं बदलायचं. अरे, इतकं सोपं होतं!
शरणप्पाला गाठलं. त्याच्या मुलीचं लग्न ठरलंय. अल्बम आपल्याकडून, करिझ्मा, म्हणजे जाड चकचकीत पानांचा, मोठ्या साइजमध्ये, असं सांगितलं. तो म्हणाला, मला काय साहेब, गानं कंचं बी लावा, पानी तेच हाय. कलेची जाण नाही माणसाला, पण तयार झाला.
मंगळवारी आमच्या गल्लीत. सिंधूला काही सांगितलं नाही. सरप्राइज.

२६ एप्रिल, मंगळवार. दुपारी.
कॅमेरा लावून स्टुडिओच्या पायरीवर उभा राहिलो. टँकर गल्लीत शिरला. ‘जिल्हा माझा लाडाचा’, फुल व्हॉल्यूम. बास असा की पत्रे थरथरले.
एकही माणूस बाहेर आला नाही. दारांमागं कड्या लावल्याचे आवाज मात्र आले. आधी वाटलं, लोक आतूनच शांतपणे ऐकताहेत. तीन वेळा गाणं झालं. शरणप्पानं मला विचारलं, तुमच्या गल्लीतले समदे गावाला गेले का? आणि टँकर पुढच्या गल्लीत नेला.
मी फुटेज बघत बसलो. आमच्या घरचं टिपाड भरायचं लक्षातच आलं नाही.

२७ एप्रिल.
गल्ली स्टुडिओपुढं जमली. कोंडाबाई सगळ्यात पुढं. म्हणाल्या, आमाला वाटलं जिल्ह्याच्या मोर्चाची गाडी आली वर्गनी मागायला, म्हून कडी लावली. कलेक्टर येनार, कलेक्टर येनार म्हनून कोन वरडतंय टँकरवर?
टँकरची पाळी आता पुढच्या आठवड्यात.
मी शांतपणे सांगितलं की नवीन गाणं लोकांच्या कानात बसायला वेळ लागतो. ऐकून घ्यायच्या मनःस्थितीत कुणी नव्हतं. समाजाला कलावंत उशिरा कळतो, हे समजू शकतो. पण घरात आल्यावर सिंधूनं रिकामी घागर माझ्यापुढं ठेवली आणि म्हणाली, लई झालं. पानी आना. एवढंच. तिची मला खरोखर भीती वाटली.

२८ एप्रिल.
रिकामी घागर अजून तिथंच आहे. शेवटच्या कळशीतलं पाणी पिण्यापुरतं उरलंय. मी तोंड न धुता दुकान उघडलं. गिऱ्हाईक नाही. माझ्या अंगाचा वास येतोय असं कोंडाबाई मुद्दाम रस्त्यावरून मोठ्यानं म्हणाल्या.
व्यंकटचा मेसेज : दाजी, ताई रडत होती फोनवर, काय झालं? याला सगळं कळायलाच पाहिजे का? उत्तर दिलं नाही.

२९ एप्रिल.
शरणप्पाच्या हातापाया पडलो (तसं नाही, फोनवरच). पलीकडच्या वाडीवर टाकून उरलेलं पाणी घेऊन येतो म्हणाला, पण थांबणार थोडाच वेळ. आणि स्पीकर जळाला होता. माझा बास त्याला झेपला नाही.
टँकर गल्लीत आला. हॉर्न वाजवला. कुणी ढुंकून बघेना. सगळ्यांना वाटलं, उसाचा ट्रकच असणार! मी दारं ठोठावली. आतून कोंडाबाईंचा आवाज : तुमचं काई बी ऐकायचं न्हाई आता. शरणप्पानं गाडी चालू केली.
मग मी टँकरवर चढलो. उन्हानं पत्रा असा तापलेला की पाय एका जागी ठेवता येईना. आधी माझंच गाणं सुरू केलं. एक दार उघडलं होतं, तेही लागलं.
शरणप्पा खालून ओरडला, साहेब, ते दुसरं म्हना की!
म्हटलं. काय करणार? ‘टँकर आला दारी गं, नाचू का भरू?’ ते गाणं नाकातूनच म्हणावं लागतं, तोंडातून येतच नाही. पहिल्या ओळीला कोंडाबाईंचं दार उघडलं. दुसऱ्या ओळीला अख्खी गल्ली बाहेर. नळ्या पडल्या, टिपाडं भरू लागली. मी पाय भाजतात म्हणून उड्या मारत होतो, लोकांना वाटलं नाचतोय, तेही नाचायला लागले. कोंडाबाई सुद्धा, कळशीसकट.
सिंधू बाहेर आली. माझ्याकडं बघितलं. घागर खाली ठेवली आणि नाचली. दोन पावलं नव्हे, हळदीत नाचली होती तशी. हसत होती. मला पुढची ओळ आठवेना. पुढची ओळ नव्हतीच. मी त्या दोनच ओळी म्हणत राहिलो, थांबवेना. शत्रूचं गाणं आणि एवढं बरं वाटत होतं, याची चीड येत होती.
सगळ्यांचं पाणी भरलं. तळपायांना फोड आलेत.

१ मे, रविवार. संध्याकाळी.
झेंडावंदन झालं. जिल्हा जाहीर झाला नाही. हॉटेलात आता पुढच्या वर्षीचं सांगताहेत.
कुणीतरी परवाचा व्हिडिओ टाकला. तुफान पसरलाय, नांदेडपर्यंत. खाली लिहिलंय : ‘व्यंकटभाऊंच्या गाण्यावर वेडा झालेला फॅन’. माझं नाव कुठंच नाही. शरणप्पाचं आहे.
व्यंकटचा फोन आला. दाजी, तुमच्यामुळं गाणं लई उचललं, पुढच्या गान्यात मागं कोरस म्हनता का? मी थंडपणे सांगितलं की तारखा बघून कळवतो.
चहा घेऊन सिंधू आली. तळपायाला तेल लावून दिलं. म्हणाली, म्हना की एकदा. मी विचारलं, माझं? ती नुसती हसली आणि समोर बसून राहिली.
म्हटल्या. दोन्ही ओळी.
मग व्यंकटला फोन लावला आणि तारखा मोकळ्या आहेत म्हणून सांगितलं.