दहापैकी चार

प्रिय डर्वला,

अक्षर वाकडं आहे, चालवून घे. चौदाव्या वर्षी शाळा सोडली ती गाई पिळायला. फोनवर तू मला बोलू देणार नाहीस, म्हणून हा कागद.

पहिल्यांदा कुणाला पाडलंस, आठवतं? आठ वर्षांची होतीस, गावच्या रग्बीत पोरांमध्ये एकटी पोर. शेजारच्या डोनलचा थोरला म्हणाला, "बाहुली घरी विसरलीस का गं?" तू त्याच्या मांड्यांना अशी भिडलीस की तो तोंडावर आपटला आणि दात चिखलात राहिला. त्याची आई माझ्या अंगावर धावून आली. मी म्हटलं, "दुधाचा होता, येईल परत." पक्का होता, मला दिसलं होतं. पण आपल्या घरात मार खाणारी मीच होते. मार देणारी बाई त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली. छाती फुगली माझी.

पुढे आयर्लंडची पहिली जर्सी रक्तानं भरलेली माझ्या हातात दिलीस, "धुवायची नाही हं, आई." नाही धुतली. फ्रान्समध्ये बरगडी मोडलीस. त्या स्कॉटिश मुलीचा कान तुझ्या बुटाखाली फाटला आणि तासाभरात दोघी एका टेबलावर बटाटे चापत होतात. एकोणपन्नास सामने. प्रत्येक वेळी मी मैदानाच्या कठड्याशी ओरडले, "मोड तिला!"

आणि जुलैत इथेच, चुलीपाशी, तू मला ती गंमत सांगितलीस. मोसम सुरू व्हायच्या आधी डोकं तपासायला डॉक्टर दहा शब्द वाचतात, ते परत म्हणायचे. तू मुद्दाम चारच म्हणालीस. "आई, सगळ्याच करतात. उद्या डोक्याला लागलं आणि चारच आठवले, तर म्हणतील, हिचं नेहमीचंच आहे, जा खेळायला." मग मला दहाच्या दहा घडाघडा म्हणून दाखवलेस. कोपर, गालिचा, घोडा, पुढचे मला येत नाहीत. मी हसले. तुला ब्रेडचा अजून एक काप दिला, वर लोणी. त्या हसण्यासाठी मला कुणीतरी थोबाडायला हवं होतं.

शनिवारी वेल्सच्या त्या धिप्पाड बाईचा गुडघा तुझ्या कानशिलावर बसला, तो आवाज मला कठड्यापर्यंत ऐकू आला. फळीवर कुऱ्हाड बसावी तसा. तू पडलीस आणि एक हात तसाच वर राहिला, ताठ. आत तपासायला नेलं. बारा मिनिटांनी परत आलीस, लोक उभे राहून ओरडले. मीही. चार शब्द म्हणालीस ना?

रविवारी घरी आलीस. "ब्रॅन कुठाय?" तीनदा विचारलंस. अगं, दोन वर्षं झाली, त्या कुत्र्यासाठी खड्डा तूच खणलास. तिसऱ्यांदा मी तसं म्हटलं, तर कॉलर धरून मला गोठ्याच्या भिंतीवर आदळलंस. ओठ फुटला. आणि घटकेनं विचारतेस, "आई, काय झालं गं तोंडाला?"

दुकानात मी सांगितलं, गाईनं लाथ मारली. तोंडातून आपोआप आलं. वीस वर्षं तेच सांगत आले ना, तुझ्या बापासाठी. लोक म्हणायचे, मॉसी पितो. मॉसी दोन घोटांपलीकडे कधी गेला नाही. लग्नात होता तो मॉसी मांजराची पिल्लंसुद्धा बुडवू शकत नव्हता. गावासाठी रग्बीत पुढच्या फळीत डोकं घालून खेळला, तिसऱ्यांदा बेशुद्ध पडून घरी आला, आणि त्या हिवाळ्यात पहिल्यांदा हात उचलला. मग विचारायचा, "तुला काय झालं गं?" अगदी तुझ्यासारखंच.

म्हणून आज सकाळी तुमच्या संघाच्या डॉक्टरीणबाईंना फोन केला. चार शब्दांचं सांगितलं, कुत्र्याचं सांगितलं, ओठाचंही सांगितलं. येत्या शनिवारी इंग्लंडशी तू खेळणार नाहीस. पन्नासावा सामना मी काढून घेतला तुझा, कदाचित सगळेच. चुगली आईनं केली, दुसऱ्या कुणाच्या अंगावर जाऊ नकोस. शिव्या द्यायला घरी ये, अंगावर ये, मी दारातच उभी असेन. फक्त आधी ते दहा शब्द म्हण.

तुझीच,
गाईनं लाथ न मारलेली आई