नानांचे स्कोन

ता. ४ मार्च

चि. सौ. चिऊस अनेक आशीर्वाद.

उत्तराला उशीर झाला, रागावू नकोस. तुझा दादा अजून बोटीवरच आहे. घरात आम्ही सासरा-सून दोघंच. इस्पितळाच्या लॉन्ड्रीत दिवसभर चादरींना इस्त्री करून पायांचे तुकडे पडतात. घरी येऊन आडवं व्हावं, एवढीच हौस आता उरली आहे.

पण आडवं होऊ देतील तर ते नाना कसले! सासूबाई चहाबरोबर स्कोनचे छोटे फुगीर पाव भाजायच्या, ते त्या गेल्यापासून नानांनी मनावर घेतलं आहे. मी दारात पाऊल टाकते तर ओट्यावर, फरशीवर, त्यांच्या चष्म्यावरसुद्धा मैदा. आणि स्कोन म्हणजे नुसते दगड! जन्मभर शिंपीकाम केलेला माणूस. पिठाच्या चकत्या कापल्या की कापडाची कड दुमडावी तशी प्रत्येकीची कड चिमटीने दाबून बंद करतात. ते फुगणार कुठून? समोर बसून खावे लागतात, मग सगळा पसारा मीच आवरते. सासऱ्यांपुढे तोंड उघडवत नाही.

चिऊ, मी थकले गं. दोन महिने नानांना तुझ्याकडे ने. वाईट वाटून घेऊ नकोस, पण आता माझ्याच्याने होत नाही.

मुलांना पापे, आणि तू माझ्यावर रुसू नकोस.
तुझी वहिनी

ता. ११ मार्च

ती. सौ. वहिनीस सा. न. वि. वि.

पत्र वाचताना आधी पोट धरून हसले, शेवटाला आले तेव्हा हसू पळालं. आई लोणी थंडगार घ्यायची, पीठ जेमतेम गोळा करायची आणि कडेला कुणाला बोट लावू द्यायची नाही, हे नानांना सांगून पाहा, असं लिहिणार होते. पण तू काही कृती विचारलेली नाहीस, एवढं कळतं मला.

आमच्या दोन खोल्यांत नानांची खाट बसवू कशीतरी. त्यांना आजच लिहिते. तू थकली आहेस, त्या स्कोनपायी जास्तच थकली आहेस, हेही लिहिणार आहे. मग मला हव्या तेवढ्या शिव्या दे.

माया आहे तशीच राहू दे.
तुझी चिऊ

ता. १८ मार्च

चि. सौ. चिऊस अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. स्कोन दगड होतात हे मला ठाऊक आहे. खोटे का असेनात, दात मलाही आहेत. कड दाबू नका म्हणतेस, पण बोटं ऐकत नाहीत. उघडी कड मला बघवत नाही.

तुला वाटतं तसं आईच्या आठवणीने मी हे करत नाही. सूनबाई कामावरून येते ती थेट खोलीत जाते आणि अंगावरच्या कपड्यांनिशी पडते, ती रात्री माझं ताट वाढायलाच उठते. मधे पोटात काही नाही. तिला नुसतं बस म्हणायला मला आजवर जमलेलं नाही. सुनेशी बोलायची सवय नव्हती, ते काम तुझ्या आईचं. काही गरम पुढे ठेवलं की ती बसते. चहा घेते, पाय स्टुलावर ठेवते. म्हणून हा सगळा खटाटोप. त्याचाच तिला त्रास होत होता, याचं फार वाईट वाटलं.

येतो तुझ्याकडे, तिकीट काढ. मी तिकडे आल्यावर तिला कोण बसवेल, तेवढं मात्र मला सुचत नाही.

तब्येतीला जप.
नाना

ता. २५ मार्च

चि. सौ. चिऊस अनेक आशीर्वाद.

नानांचं पत्र तू मला पाठवायला नको होतंस. लॉन्ड्रीतल्या वाफेत कुणाला दिसलं नाही, म्हणून पोटभर रडून घेतलं.

घरी आले तर ओटा स्वच्छ, मैद्याचा डबा बंद आणि नानांची पिशवी भरून दाराशी. मी खोलीकडे वळले. नाना खुर्चीच्या पाठीला धरून उभे होते. दोनदा खाकरले, भिंतीकडे बघितलं आणि मला म्हणाले, बस.

मी बसले. चहा भलताच गोड झाला होता. चहाबरोबर काही नव्हतं, तरी अंधार पडेपर्यंत आम्ही दोघंही उठलो नाही.

तिकीट काढलं असशील तर परत कर.

तुझीच,
वहिनी