फेतूचा चेंडू, आईची चटई

पोरीरुआ
१६ फेब्रुवारी २०२३

माझ्या मातालेनाताईस,

आधी एवढंच लिहिते की इकडे आम्ही सगळे जिवंत आहोत, म्हणजे पुढचं वाचताना तुझी छाती धडधडायला नको. तुझे गुडघे कसे आहेत? इथे दुकानातला तारोचा कंद अजून तसाच, शिजवला की साबणासारखा लागतो. माझं अक्षर कोंबडीने उकरल्यासारखं येतं, सांभाळून वाच. पास्टरची मेव्हणी तिकडे आपल्या बेटावर येतेय, तिच्याबरोबर हे पत्र देते. फोनवर बोलले असते, पण फोनवर तू ओरडशील. वालेलियाला यातलं काही सांगू नकोस. नाही तरी तुम्ही दोघी बोलता कुठे! भावजय शेजारच्या घरात आणि चौदा वर्षं अबोला. त्याबद्दल मला लिहायचंच आहे, पण आधी आनंदाचं.

ताई, आपली नात फेतुआओ टीव्हीवर दिसली! शहराच्या बायकांच्या क्रिकेट संघात घेतलं तिला, पगार देऊन. चेंडू टाकायचा पगार! आपण गावात अख्खा दिवस किलिकिटी, आपलं गावठी क्रिकेट, खेळायचो तेव्हा शेवटी डुकराचं मटण मिळायचं तेवढंच. ती माझ्याकडूनच शिकली, कोणी काही म्हणो. चर्चच्या मागच्या गवतावर मी तिला म्हणायचे, "पोरी, हात असा सोड की समोरचीने देवाचं नाव घेतलं पाहिजे." आता तिचा गुरू म्हणतो हा वेग आला कुठून. मी म्हटलं, इकडे बघ, ही काय इथे बसलीय.

तर तिच्या मॅचच्या दिवशी मी मैदानात गेले. चर्चच्या बारा बायका, ढोलकं, फुलांच्या माळा. गोरे लोक टाळ्या वाजवतात आणि गप्प बसतात, मॅच आहे की मयत तेच कळत नाही. मग आम्ही गायलो, नाचलो, समोरच्या संघाला चिडवलं, जसं आपल्याकडे करतात. आणि मी उभी राहून आपल्या भाषेत ओरडले, "फेतू, उडव तिचं डोकं!" सगळ्या हसल्या. फेतूने ऐकलं, तीही हसली, मी पाहिलं.

पुढचा चेंडू बाउन्सर. फलंदाज पोरगी वाकली नाही, चेंडू हेल्मेटवर. आवाज वरपर्यंत आला. ती पडली ती हललीच नाही. माझ्या हातातली माळ तशीच राहिली. ढोलकं कधी थांबलं ते मला माहीत नाही.

तिचं नाव टेस. दोन दिवस हॉस्पिटलमध्ये, मग घरी, पण अंधाऱ्या खोलीत. उजेड सहन होत नाही. फेतू तर जेवेना. चेंडू हातात घेतला की बोटं उघडायची आणि तो खाली. संघाचे लोक म्हणाले, नियमातलं होतं, तुझी चूक नाही. पण तिला माहीत होतं ना कोण काय ओरडलं ते. मला एका शब्दानं बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं.

नवव्या दिवशी मी पेटीतली बारीक विणीची चटई काढली. कुठली, ते पुढे सांगते. काकाच्या ट्रकखाली त्या माणसाचा पाय गेला तेव्हा बाबा कसे पहाटे त्याच्या दारात चटई डोक्यावर घेऊन बसले होते, आणि घरच्यांनी येऊन चटई उचलून माफ करेपर्यंत उठले नाहीत, आठवतं? तसं बसायचं मी ठरवलं.

फेतू म्हणाली, "आजी, त्या लोकांना हे कळायचं नाही. पोलीस बोलावतील."

"बोलावू देत. पोलीस आपल्याच चर्चमधला निघेल."

टेसचं गाव दोन तासांवर. सहाला पोचलो. मी अंगणात बसले, चटई डोक्यावर ओढली, तर फेतू आपली आपण आत शिरून शेजारी बसली. ओल्या गवताने माझं बूड गारठलं. आधी कुत्रा आला, त्याने माझा गुडघा चाटला. मग दार उघडलं. टेसची आई.

"कोण आहे खाली? बरं वाटत नाहीये का?"

फेतू चटईखालूनच म्हणाली, "मी फेतुआओ. चेंडू माझा होता. ही माझी आजी. तुम्ही चटई उचलल्याशिवाय ती उठायची नाही. नाही उचललीत तरी आमचं काही म्हणणं नाही."

ताई, किती वेळ गेला कोण जाणे. मग तिने हातातला कप गवतावर ठेवल्याचा आवाज आला, आणि चटई वर उचलली गेली, उजेड आला. ती रडत होती. मी ओरडले होते तेही तिला सांगितलं. ती म्हणाली, "आत या, दव पडलंय." टेस काळा चष्मा लावून बाहेर आली, फेतूला म्हणाली, "चेंडू झकास होता गं. मलाच वाकायला उशीर झाला. पुढच्या वेळी चौकार मारीन बघ." फेतू म्हणाली, "मारून दाखव." नऊ दिवसांनी पोरगी हसली.

इथेच संपलं असतं तर काय हवं होतं. पण त्या आईने चटईवर हात फिरवला. "किती मऊ! कोणी विणली?"

"माझ्या आईने. दोन वर्षं लागली. आता ती तुमची, आमची रीतच आहे."

"विणली कोणासाठी?"

"माझ्यासाठी नाही," मी म्हटलं. तिने चटई घडी करून माझ्या मांडीवर ठेवली. "मग मी कशी ठेवून घेऊ? जिची आहे तिच्याकडेच असू दे."

ताई, ती चटई तुझी आहे. लाल पिसांची. आईच्या मयताला आले तेव्हा मीच माझ्या बॅगेत घातली. मी इथून खाण्याची टिनं पाठवायची, पिठाची पोती पाठवायची, आणि आई मरेपर्यंत तुझंच नाव घेत राहिली. त्याचा राग होता. तू वालेलियावर चटई चोरल्याचा आळ घेतलास तेव्हा मी विमानात होते. पुढे कळलं, आणि गप्प बसले. एकदाही ती चटई बाहेर अंथरली नाही.

परतताना गाडीत फेतूने विचारलं आणि मी सांगून टाकलं. तिने रस्त्याच्या कडेला गाडी थांबवली. "मला नऊ दिवस चेंडू हातात धरवला नाही. तुला चौदा वर्षं ती पेटीत ठेववली कशी गं?" माझ्या नातीने विचारलं मला हे. तेव्हाच ठरवलं, तुला लिहायचं.

काल ती सरावाला गेली. पहिल्यांदा चेंडू हातातून निसटला म्हणे, पण मग टाकला. संघाने तिला आठवड्याची सुट्टी दिलीय, तिकिटं तिनेच काढली. पुढच्या गुरुवारी पहाटे वालेलियाच्या अंगणात चटईखाली कोणी बसलेलं दिसलं तर ती मी आहे. तू मध्ये पडू नकोस, मला उठवू नकोस, ऊन चढलं तरी नको. चटई तुझी आहे, पण आधी ती वालेलियाने उचलली पाहिजे. नाही उचलली, तर तो तिचा हक्क.

तिच्यानंतर तुझं दार.

तुझी धाकटी,
एसेता